अडुळशाचा काढा : पान ओळखण्यापासून पेल्यापर्यंत

कार्तिक उलटला की नाशकात पहाटे गोदाकाठी धुके उतरते, निफाडचा पारा रोज वर्तमानपत्रात झळकू लागतो आणि घरोघरी कोणाचा ना कोणाचा तरी घसा धरलेला असतो. साधारण याच दिवसांत कुंपणावरच्या अडुळशाला पांढऱ्या फुलांचे तुरे येऊ लागतात. थोरामोठ्यांपैकी कोणीतरी ‘चार पाने उकळून घे’ असे सांगते आणि इथूनच नवख्या माणसाचा गोंधळ सुरू होतो. कोणती पाने, कोवळी की जून, किती पाण्यात, किती वेळ, किती दिवस, याची उत्तरे सांगणाऱ्यालाही बहुधा नेमकी ठाऊक नसतात. अडुळसा पहिल्यांदाच तोडणाऱ्या आणि उकळणाऱ्या वाचकांसाठी हा लेख आहे.

एक गोष्ट आधीच सांगितलेली बरी. अडुळशाच्या काढ्याला पुष्कळ जण ‘अडुळशाचा चहा’ म्हणतात, कारण तो कपातून, वाफाळता, थंडीच्या दिवसांत घेतला जातो. गवती चहाची पात रोजच्या चहात पडली तरी कोणाचे काही बिघडत नाही. अडुळशाचे मात्र तसे नाही. त्याच्या पानात जे द्रव्य आहे ते श्वासनलिकांवर काम करते आणि गर्भाशयावरही करते. म्हणून तो औषधासारखा मापून, ठरावीक दिवस घ्यावा आणि काही जणांनी मुळीच घेऊ नये. खाली दिलेल्या बहुतेक पायऱ्यांचे कारण पानातील रसायनांत सापडते, त्यामुळे कृती सांगताना ते कारणही सांगितले आहे.

पहिली पायरी : झाड ओळखणे

अडुळसा हे साधारण माणसाच्या उंचीचे, बारमाही हिरवे झुडूप आहे; छाटले नाही तर ते आठ फुटांपर्यंतही वाढते. त्याचे वनस्पतिशास्त्रीय नाव जस्टिशिया अधाटोडा असे असून ते लिनियसने १७५३ मध्ये दिले. जुन्या पुस्तकांत हेच झुडूप अधाटोडा वासिका या नावाने आढळते. यातला ‘अधाटोडा’ हा शब्द तमिळमधील ‘आडातोडै’वरून आला आहे, म्हणजे शेळी ज्याला तोंड लावत नाही ते झाड. याचा पुरावा शोधायला दूर जावे लागत नाही. शेळ्यांचा कळप बांधावरून चरत गेला की बोरी-बाभळीही ओरबाडलेल्या दिसतात, अडुळसा मात्र जसाच्या तसा उभा असतो. या कडवटपणामुळेच आपल्याकडे त्याचे कुंपण करण्याची पद्धत पडली.

पाने फांदीवर समोरासमोर जोडीने येतात. ती भाल्याच्या पात्यासारखी, दोन्ही टोकांना निमुळती आणि दहा ते वीस सेंटीमीटर लांब असतात, आणि त्यांच्या कडेला दाते नसतात. हा शेवटचा मुद्दा विशेष लक्षात ठेवावा. कोवळ्या फांदीची पेरे किंचित फुगलेली असतात. फूल पांढरे, दोन ओठांचे असून खालच्या ओठावर जांभळट-गुलाबी रेषा असतात. उघड्या जबड्यासारख्या या आकारावरून संस्कृतात अडुळशाला ‘सिंहास्य’ असे नाव मिळाले. वासा, वासक आणि आटरूषक ही त्याचीच आणखी काही नावे. पान चुरगळले की उग्र वास येतो. सुकलेल्या पानांचा वास मात्र मला कडक चहाच्या पत्तीसारखा वाटतो.

फुलोरा असेल तर चूक होण्याचा संभव कमी असतो. नुसत्या पानांवरून ओळखताना मात्र तीन झाडांपासून सावध राहावे. पहिले महारुख. हा मोठा वृक्ष असून त्याच्या एका लांब देठावर अनेक पर्णिका असतात, परंतु त्या सुट्या करून जुडी बांधली की नवख्याला त्या अडुळशासारख्या वाटतात. औषधी पानांच्या व्यापारात ही भेसळ जुनीच आहे आणि आपल्या भागात तिला भाषेचाही हातभार लागतो. पेठ आणि सुरगाणा हे तालुके गुजरातला लागून आहेत, आणि गुजरातीत अडुळशाला ‘अरडूसी’ म्हणतात, तर महारुखाला ‘अरडूसो’. एका स्वराने झाड बदलते. माझ्या बाबतीत असेच घडले. एका आठवडे बाजारातून मोठ्या हौसेने आणलेली जुडी ओट्यावर पसरली होती, तेवढ्यात शेजारच्या आजी आल्या, त्यांनी एक पान उचलून खिडकीपाशी धरले आणि म्हणाल्या, “अगं, हा अडुळसा नाही. याची कड बघ, करवतीसारखी आहे. आणि देठापाशी पान एकीकडे झुकलंय.” दोन्ही खुणा अचूक होत्या. महारुखाच्या पर्णिकेला खडबडीत दाते असतात आणि तिचा बुडखा असमान असतो. अडुळशाचे पान मध्यशिरेच्या दोन्ही बाजूंना सारखे असते. ती जुडी कचऱ्यात गेली.

दुसरे झाड म्हणजे काळा अडुळसा. तो याच कुळातला असून त्याची पाने बरीच अरुंद, तर खोड आणि शिरा काळपट जांभळ्या असतात. तो वेगळा आहे आणि त्याचे उपयोगही वेगळे आहेत. तिसरे झाड, म्हणजे कण्हेर, तर धोक्याचेच आहे. कण्हेरीची पाने चिवट, अरुंद असतात आणि एकेका पेराशी बहुधा तीन-तीन येतात. त्यातील विष थेट हृदयावर परिणाम करते. बंगल्यांच्या कुंपणांत कण्हेर आणि अडुळसा शेजारी शेजारी लावलेले दिसतात, म्हणून अंधुक उजेडात पाने तोडू नयेत. शंका आल्यास फांदीसह नमुना घेऊन एखाद्या जाणत्या वैद्यांकडे जावे. पंचवटीत गणेशवाडीला आयुर्वेद महाविद्यालय आहे, तेथे विचारता येते.

दुसरी पायरी : पाने कोठून घ्यावीत

अंगणातल्या किंवा ओळखीच्या घराच्या कुंपणावरील झाडाला पहिली पसंती द्यावी. मुंबई-आग्रा महामार्गाच्या कडेची झाडे धूळ आणि धूर खाऊन उभी असतात, ती टाळावीत. मात्र नाशिक जिल्ह्यात यापेक्षाही मोठी अडचण द्राक्षबागांची आहे. ऑक्टोबर छाटणीनंतर डाऊनी आणि भुरी या बुरशीजन्य रोगांसाठी बागांवर वारंवार फवारण्या होतात, कधी मोरचूद-चुन्याचे बोर्डो मिश्रण, कधी आंतरप्रवाही बुरशीनाशके. आणि वाऱ्याबरोबर हा फवारा बांधावरच्या झुडपांवर बसतो. दिंडोरी-निफाडकडच्या पाहुण्यांनी प्रेमाने पाठवलेली पाने बागेच्या बांधावरची आहेत का, हे विचारण्यात संकोच करू नये. पाण्याने धुतल्यावर वरची धूळ जाते. आंतरप्रवाही औषध पानाच्या आत शिरलेले असते, ते धुऊन निघत नाही.

बाजारातून घ्यायचे असल्यास गंगेवरच्या, म्हणजे गोदाकाठच्या, बुधवारच्या बाजारात, त्र्यंबकेश्वरला किंवा जुन्या नाशकातील काष्ठौषधींच्या दुकानांत अडुळसा मिळतो. ओला घेताना फांदीसह घ्यावा. सुट्या पानांत काय मिसळले आहे ते कळत नाही, आणि भुकटीत तर अजिबातच कळत नाही.

तोडताना पूर्ण वाढलेली, गडद हिरवी, डाग नसलेली पाने घ्यावीत. पिवळी पडलेली आणि शेंड्याची अगदी कोवळी पाने सोडून द्यावीत. एका फांदीवरची सगळी पाने ओरबाडण्यापेक्षा दोन-तीन फांद्यांवरून थोडी थोडी घेतली तर झाड लवकर सावरते.

पानात काय आहे

अडुळशाच्या पानाचा कडवटपणा मुख्यतः त्यातील अल्कलॉइडांमुळे येतो. अल्कलॉइड म्हणजे नायट्रोजन असलेली, बहुधा कडू आणि शरीरावर तीव्र परिणाम करणारी वनस्पतिजन्य द्रव्ये. चहातील कॅफीन आणि सिंकोनाच्या सालीतील क्विनाइन ही याच गटात मोडतात. योगायोग असा की, निलगिरीत शासनाच्या वतीने क्विनाइनचे काम पाहणाऱ्या डेव्हिड हूपर यांनीच १८८८ मध्ये अडुळशाच्या पानांतून एक अल्कलॉइड वेगळे केले आणि ‘वासक’वरून त्याला व्हॅसिसिन असे नाव दिले. पुढे हरमल या झुडपातून मिळालेले पेगॅनिन आणि हे व्हॅसिसिन एकच असल्याचे निष्पन्न झाले.

व्हॅसिसिनच्या एका रेणूत कार्बनचे ११, हायड्रोजनचे १२, नायट्रोजनचे २ आणि ऑक्सिजनचा १ अणू असतो. हवेतील ऑक्सिजनशी संयोग होऊन त्याचे हळूहळू व्हॅसिसिनोन बनते. त्यात हायड्रोजनचे दोन अणू कमी आणि ऑक्सिजनचा एक अधिक असतो. दिसायला हा फरक किरकोळ असला तरी दोहोंचे गुण सारखे नाहीत. व्हॅसिसिन श्वासनलिका सैल करते असे प्राण्यांवरील प्रयोगांत दिसले आहे; व्हॅसिसिनोनच्या बाबतीत वेगवेगळ्या प्रयोगांचे निष्कर्ष परस्परांशी जुळत नाहीत. ताजे पान आणि वर्षभर डब्यात पडलेले पान यांना एकच औषध का समजू नये, हे यावरून ध्यानात येईल. याशिवाय पानात व्हॅसिसिनॉलसारखी इतर अल्कलॉइडे, क्वेर्सेटिनसारखी फ्लॅव्होनॉइडे आणि अगदी थोडे सुगंधी तेल असते.

आधुनिक औषधशास्त्राशी अडुळशाचे नाते बऱ्याच जणांना ठाऊक नसते. व्हॅसिसिनचा सांगाडा समोर ठेवून रसायनशास्त्रज्ञांनी प्रयोगशाळेत एक नवे संयुग तयार केले, ते म्हणजे ब्रोमहेक्सिन, आणि १९६३ मध्ये ते बाजारात आले. ब्रोमहेक्सिनचे शरीरात जे रूपांतर होते त्यातूनच अँब्रोक्सॉल हे पुढचे औषध मिळाले. कफ सुटण्यासाठी डॉक्टर लिहून देतात त्या अनेक गोळ्या-सिरपांच्या वेष्टनावर या दोनपैकी एक नाव दिसते. चिकट कफ पातळ करणे हे त्यांचे मुख्य काम आहे. तथापि ब्रोमहेक्सिनच्या रेणूत ब्रोमीनचे दोन अणू बसवलेले आहेत, जे अडुळशात नाहीत. त्यामुळे ‘गोळी म्हणजे अडुळशाचाच अर्क’ असे म्हणणे चुकीचे ठरेल. एकच घराणे, पण दोन वेगळी माणसे, असे फार तर म्हणता येईल.

आता मापाविषयी. सुक्या पानात अल्कलॉइडांचे एकूण प्रमाण साधारणपणे अर्धा ते दोन टक्के असते. ते झाडागणिक, जमिनीगणिक आणि ऋतूगणिक बदलते. स्वयंपाकघरातील काट्यावर मी तोललेले मध्यम आकाराचे ओले पान दोन ग्रॅमच्या आसपास भरले. तीन पानांचे सहा ग्रॅम झाले, आणि सुकल्यावर त्यांचे सव्वा ते दीड ग्रॅम उरले. म्हणजे तीन पानांच्या काढ्यात, सगळे अल्कलॉइड पाण्यात उतरले असे धरले तरी, सहा मिलिग्रॅमपासून तीस मिलिग्रॅमपर्यंत काहीही असू शकते. ‘आमच्याकडे सात पाने घालतात’ आणि ‘आमच्याकडे अकरा’ या वादात मला म्हणूनच फारसे तथ्य वाटत नाही. पाने मोजून मात्रा ठरत नाही. नवख्याने कमीतून सुरुवात करावी, हेच शहाणपणाचे आहे.

तिसरी पायरी : काढा करणे

एका प्रौढ व्यक्तीसाठी मध्यम आकाराची तीन ओली पाने, अथवा सावलीत सुकवलेल्या पानांचा एक लहान चमचा चुरा, आणि दोन कप म्हणजे सुमारे ३०० मिलिलिटर पाणी घ्यावे. सोबत अर्धा इंच आले, चार मिरे आणि हवा असल्यास ज्येष्ठमधाचा छोटा तुकडा. पाने वाहत्या पाण्याखाली दोन्ही बाजूंनी चोळून धुवावीत, कारण पानाच्या मागच्या बाजूस शिरांच्या कडेने धूळ साचते. भांडे स्टीलचे असावे. लोखंडी कढईत पानातील टॅनिन लोहाशी मिळून काढा काळा पडतो, तर तांब्या-पितळेच्या कल्हई नसलेल्या भांड्यात असे काढे करूच नयेत.

पाने हाताने तुकडे करून थंड पाण्यात घालावीत, आले ठेचून आणि मिरे जाडसर कुटून टाकावेत, आणि भांडे मंद आचेवर ठेवावे. उकळी फुटल्यानंतर पाणी निम्मे होईपर्यंत, म्हणजे साधारण बारा ते पंधरा मिनिटे, उकळू द्यावे. इतका वेळ उकळण्याचे कारण असे की, व्हॅसिसिन हे वाफेबरोबर उडून जाणारे द्रव्य नाही. पानात ते सेंद्रिय आम्लांशी बांधलेल्या क्षारांच्या रूपात असते आणि गरम पाण्यात सावकाश उतरते. पाण्याचा रंग आधी फिकट पिवळा, मग हिरवट तपकिरी होतो, आणि पाने मरगळून भांड्याच्या तळाशी बसतात. उकळणे पुरेसे झाल्याची ती खूण समजावी.

तुळस आणि गवती चहा घालायचा असेल तर त्यांच्या बाबतीत मात्र नेमके उलटे करावे. तुळशीचा गुण युजेनॉलसारख्या आणि गवती चहाचा सिट्रालसारख्या उडनशील तेलांत असतो. पंधरा मिनिटे उघड्या भांड्यात उकळल्यास ही तेले स्वयंपाकघरभर दरवळतात आणि पेल्यात फारच थोडी उरतात. म्हणून गॅस बंद केल्यावर पाच-सहा तुळशीची पाने आणि गवती चहाची एखादी पात टाकून लगेच झाकण ठेवावे आणि पाच मिनिटांनी गाळावे. झाकण उचलताना त्याच्या आतल्या बाजूस जमलेले थेंब भांड्यातच निथळू द्यावेत. तेलाचा बराचसा वास त्या थेंबांतच असतो. सगळे जिन्नस एकदम घालून खळखळा उकळण्याची आपल्याकडची सवय या एका कारणासाठी सोडण्यासारखी आहे.

काढा कोमट झाल्यावर त्यात एक चमचा मध घालावा. उकळत्या काढ्यात मध घालू नये, हा आयुर्वेदातील संकेत बहुतेक घरांत पाळला जातो. मधाऐवजी खडीसाखरही चालते. दूध घालू नये. कडवटपणा पूर्ण झाकण्याच्या नादात गुळाचा खडाच्या खडा टाकला की काढ्याचा पाक होतो आणि मधुमेही माणसाची पंचाईत होते.

गाळल्यावर जो सुमारे एक कप काढा मिळतो, त्यातील अर्धा सकाळी न्याहारीनंतर आणि अर्धा सायंकाळी घ्यावा. सायंकाळचा भाग झाकून ठेवून कोमट करून घेतला तरी चालतो. दुसऱ्या दिवसासाठी मात्र शिळा ठेवू नये. पहिल्या दिवशी पाव कपच घेऊन पाहावे. मळमळ, उलटी किंवा जुलाब झाल्यास तो अडुळशाच्या अधिक मात्रेचा ठरलेला परिणाम समजून काढा थांबवावा. तीन ते पाच दिवसांत उतार पडला नाही, तर सहाव्या दिवशी काढा वाढवू नये, डॉक्टरांकडे जावे.

मिऱ्याबद्दल थोडे अधिक सांगावेसे वाटते. अडुळशाच्या जोडीला मिरे किंवा पिंपळी घालण्याचा प्रघात जुना आहे, आणि तो केवळ चवीपुरता नाही. मिरे आणि पिंपळी यांत पाइपरिन असते. पिंपळीबरोबर दिलेल्या व्हॅसिसिनची रक्तातील पातळी लक्षणीय वाढते, असे प्राण्यांवरील प्रयोगांत आढळले आहे. म्हणजे चार मिऱ्यांनी तीन पानांचा जोर वाढू शकतो. हेच पाइपरिन इतर काही औषधांचीही रक्तातील पातळी वाढवते. फिटसाठीचे फेनिटॉइन आणि दम्यासाठीचे थिओफिलिन ही त्यांतली माहितीची उदाहरणे आहेत. अशी औषधे चालू असणाऱ्यांनी मिरे गाळावेत आणि काढा घेण्यापूर्वी आपल्या डॉक्टरांना विचारावे. ज्येष्ठमधाचेही पथ्य आहे. त्यातील ग्लिसिरायझिनमुळे शरीरात मीठ आणि पाणी साठते, पोटॅशियम कमी होते आणि रक्तदाब चढतो; उच्च रक्तदाब असलेल्यांनी तो तुकडा डब्यातच राहू द्यावा.

स्वरस आणि पुटपाक

काही घरांत काढ्याऐवजी पानांचा रस मधातून देतात. आयुर्वेदिक औषधकोशात या स्वरसाची प्रौढांसाठीची मात्रा १० ते २० मिलिलिटर दिलेली आहे. प्रत्यक्षात ती वैद्यांनी ठरवावी, कारण रस काढ्यापेक्षा तीव्र असतो.

अडुळशाचे पान पाट्यावर कितीही वाटले तरी त्यातून रस असा फारसा सुटत नाही. हाताला हिरवा लगदा लागतो एवढेच. यावर जुन्या वैद्यांनी काढलेली युक्ती म्हणजे पुटपाक. पाने वाटून त्यांचा गोळा करायचा, तो वडाच्या किंवा एरंडाच्या पानांत गुंडाळून दोऱ्याने बांधायचा, वरून बोटभर जाडीचा ओल्या मातीचा लेप द्यायचा आणि गोवऱ्यांच्या विस्तवात ठेवायचा. माती लाल झाली की गोळा बाहेर काढून फोडायचा आणि आतला लगदा गरम असतानाच फडक्यातून पिळायचा. आतल्या आत वाफेवर शिजल्यामुळे पेशी फुटतात आणि जो लगदा आधी थेंब सोडत नव्हता त्यातून चमचाभर रस सहज निघतो. फ्लॅटमध्ये गोवऱ्या कोठून आणणार, हा प्रश्न रास्त आहे. वाटलेला गोळा झाकणाच्या वाटीत घालून इडलीपात्रात दहा-बारा मिनिटे वाफवला तर जवळपास तोच परिणाम साधतो. मी हल्ली तसेच करते.

कोणी घेऊ नये

गर्भवती स्त्रियांनी आणि गर्भधारणेची शक्यता असलेल्यांनी अडुळसा कोणत्याही रूपात घेऊ नये. व्हॅसिसिनमुळे गर्भाशयाचे आकुंचन होते; जम्मूच्या प्रादेशिक संशोधन प्रयोगशाळेत या गुणाचा सविस्तर अभ्यास झालेला आहे. ‘झाडपाल्याने काय होणार’ हे वाक्य इथे लागू पडत नाही. अंगावर पाजणाऱ्या मातांनीही वैद्यांना विचारल्याशिवाय घेऊ नये. लहान मुलांना घरच्या अंदाजाने देऊ नये, आणि एक वर्षाखालील बाळाला मध तर कोणत्याच कारणाने चाटवू नये, कारण मधात बॉट्युलिझम या गंभीर विषबाधेच्या जंतूंचे बीजाणू असू शकतात.

दम्याच्या रुग्णांनी काढा सुरू केला म्हणून पंप बंद करू नये. दम लागल्यावर काढा उकळत बसणे हा धोक्याचा उशीर असतो.

आणि खोकला दोन आठवड्यांपेक्षा जास्त टिकला, सायंकाळी ताप येऊ लागला, वजन उतरले किंवा थुंकीतून रक्त पडले, तर तपासणी करून घ्यावी. सरकारी आरोग्य केंद्रांत क्षयरोगासाठी थुंकीची तपासणी आणि उपचार मोफत होतात. अडुळसा असताना क्षयाच्या, रक्तपित्ताच्या आणि खोकल्याच्या रोग्याने खचून का जावे, अशा अर्थाचे एक जुने वचन वैद्यकात प्रसिद्ध आहे आणि लोक ते अजूनही मोठ्या श्रद्धेने सांगतात. ते रचले गेले तेव्हा क्षयाचे जंतू कोणी पाहिलेले नव्हते आणि त्यांना मारणारे औषधही नव्हते. आज ती औषधे आहेत. आजी-आजोबांच्या खोकल्याला ‘थंडीचा आहे’ म्हणत महिनाभर काढा पाजणे हे त्या वचनाचे पालन होत नाही.

पाने सुकवणे आणि साठवणे

पावसाळ्यात झाडावर भरपूर पाने असतात, पण हवेत ओल असल्याने ती बुरशी धरतात. सुकवण्यासाठी दिवाळीनंतरचे कोरडे दिवस चांगले. पहिल्या वर्षी मी एप्रिलच्या उन्हात गच्चीवर जुन्या साडीवर पाने पसरली होती. दुपारपर्यंत ती कुरकुरीत झाली याचा आनंद झाला, पण रंग पार मातकट झाला आणि वासही गेला. ऊन आणि उघडी हवा यांमुळे व्हॅसिसिनचे ऑक्सिडीकरण वेगाने होते, हे मला नंतर वाचनात आले. पाने धुऊन, फडक्याने टिपून, पंख्याखाली किंवा हवेशीर सावलीत एकेरी थरात पसरावीत आणि दिवसातून एकदा उलटावीत. चार-पाच दिवसांत देठ वाकण्याऐवजी तुटू लागतो, तेव्हा पाने सुकली असे समजावे. नीट सुकलेल्या पानाचा रंग मळकट हिरवा ते तपकिरी असतो. पोपटी हिरवी भुकटी विकायला दिसली तर ती कशाची आहे, अशी शंका घ्यावी. अखंड पाने काचेच्या बरणीत, कपाटाच्या अंधाऱ्या खणात ठेवावीत आणि लागतील तेव्हाच चुरावीत. बरणीवर महिना लिहावा; सहा महिन्यांनंतर उरलेली पाने झाडांच्या बुंध्याशी घालावीत.

झाड लावणे

अडुळसा बियांपेक्षा फांदीपासून सहज येतो. जूनमध्ये दोन-तीन पाऊस झाले की पेन्सिलीएवढ्या जाडीची, तीन-चार पेरांची, वीतभर लांब फांदी तिरकी कापून घ्यावी, वरची दोन पाने अर्धी छाटून ठेवावीत, बाकीची काढावीत आणि दोन पेरे मातीत जातील अशी काडी रोवावी. आपल्याकडच्या काळ्या जमिनीत पाणी तुंबते, म्हणून खड्ड्यात वाळू आणि शेणखत मिसळावे. कुंडी असल्यास ती किमान बारा इंचांची घ्यावी. एकदा मूळ धरले की या झाडाची निगा अशी फारशी करावी लागत नाही, फक्त फुलोरा संपल्यावर चैत्र-वैशाखात ते कंबरेएवढे छाटावे. छाटलेल्या फांद्यांची पाने काही शेतकरी हिरवळीचे खत म्हणून जमिनीत गाडतात, तीही वाया जात नाहीत. नव्या झाडाची पाने पहिल्या हिवाळ्यात तोडू नयेत. त्या वर्षी खोकला झालाच तर पाने शेजाऱ्यांच्याच कुंपणावरून मागून आणावीत.